पाठमोऱ्याचं तोंड

त्याच्या मानेवर डाव्या बाजूला, केस संपतात तिथे, एक तीळ आहे. तो त्याच्या बायकोच्या लक्षात यायला लग्नानंतर सात वर्षं लागली. मला पहिल्याच दिवशी दिसला. दिसला आणि मी तो रंगाखाली गाडून टाकला, कारण आमच्या हिरोच्या मानेवर तीळ नव्हता. पुढे बावीस वर्षं सकाळी सकाळी माझं हेच काम: हिरोचा चेहरा रंगवायचा आणि याची मान. याच्या चेहऱ्याला मी कधी ब्रश लावला नाही. लावून करायचं काय? तो कुणाला दिसायचाच नव्हता.

मी मेकअपवाला. स्टुडिओत मला सगळे दादा म्हणायचे. मेकअपच्या खुर्चीत बसलेला माणूस डोळे मिटतो आणि तोंड उघडतो, त्यामुळे कुणाचं कुणाशी बिनसलंय हे मला त्या दोघांच्या आधी कळायचं. आता निवृत्त झालोय, म्हणजे बोलायला मोकळा झालोय. हिरोच्या डोक्यावरचे केस त्याचे किती आणि माझ्या पेटीतले किती, तेही सांगेन कधीतरी. तशी ती गोष्ट आजही मध्ये येणारच आहे. पण पाळी आज पाठमोऱ्याची.

पाठमोऱ्या हे काही त्याचं खरं नाव नव्हे. पण सिनेमात पाठमोराच दिसणाऱ्या माणसाला दुसरं काय म्हणणार? हळूहळू हजेरीच्या वहीतही तेच लागलं. खऱ्या नावाने हाक मारली तर तो इकडेतिकडे बघायचा, बिचारा दुसरा कुणी आलाय का म्हणून.

मुळात हा गडी भिंती रंगवणारा. स्टुडिओत एका राजवाड्याच्या सेटला रंग देत होता. पुठ्ठ्याचा राजवाडा, पण उंची खरी. वरची फळी सरकली आणि हा दोन मजल्यांवरून खाली आला, पोत्यांच्या ढिगावर. सगळे धावले. हा उठला, अंग झाडलं, आणि म्हणाला, “ब्रश कुठे गेला?”

फाइट मास्तर तिथेच उभे होते. मास्तर म्हणजे विचित्र प्रकरण. एका पायात चप्पल असायची, दुसरी हातात. हातातली कुणाच्या पाठीत कधी बसेल सांगता यायचं नाही. त्यांनी पोत्यांकडे बघितलं, वरच्या फळीकडे बघितलं, आणि म्हणाले, “पुन्हा पडून दाखव.”

हा पुन्हा वर चढला आणि पुन्हा पडला. वेडाच की नाही? मास्तरांना हिरा सापडला. आणि हिऱ्यालाही वाटलं, आपण आता सिनेमात चमकणार. त्याने त्या आठवड्यात घरच्यांना, शेजाऱ्यांना, किराणावाल्याला, सगळ्यांना सांगून टाकलं.

पहिलंच काम हिरोच्या जागी पुलावरून उडी मारायचं. खाली पेंढ्याने भरलेली होडी. उडी अशी झाली की कॅमेरामनने टाळी वाजवली. पण पडद्यावर बघितलं तर घोळ. पुलावरून हिरोने उडी मारली होती आणि होडीत पडला होता एक भिंती रंगवणारा, चक्क कॅमेऱ्याकडे बघून हसणारा. पापणी लवेपर्यंतच, पण हसणारा. पूल, होडी, पेंढा, शंभर माणसं, सगळं पुन्हा जमवावं लागलं.

मास्तरांची चप्पल त्या दिवशी दोनदा चालली. मग त्यांनी याला समोर बसवलं आणि म्हणाले, “ऐक. हिरोचं तोंड हिरोकडे आहे. तुझं तोंड उद्यापासून घरी ठेवून यायचं.”

आमच्या धंद्यात याला तोंड चोरणं म्हणतात. हिरोच्या बदली मार खाणारा, पडणारा, जळणारा जो असतो, त्याने ठोसा लागता लागता, पडता पडता चेहरा कॅमेऱ्यापासून अलगद फिरवायचा. सगळेच करतात. पण या बाबाने ते असं अंगी मुरवलं की विचारू नका. एकदा मीच त्याच्या डोळ्यांवर पट्टी बांधली आणि कॅमेरा चार ठिकाणी हलवला. चारही वेळा त्याने बरोबर पाठ दिली. कॅमेरा कुठे आहे हे त्याला डोळ्यांनी नाही, कातडीने कळायचं. मास्तर खूश. म्हणायचे, “याच्या पाठीला नाक आहे.”

धंद्यासाठी उत्तम. पण माणूस धंद्यातून घरी जातो तेव्हा कातडी इथे काढून ठेवत नाही ना!

त्याच्या लग्नाचा अल्बम मी बघितलाय. वहिनी एकवीस फोटोंत आहेत. एकवीस फोटोंत त्यांच्या शेजारी एक कान आहे. फोटोवाल्याचा ओरडून ओरडून घसा बसला, “अहो नवरदेव, इकडे!” हा इकडे म्हटलं की तिकडे. सासूबाईंना वाटलं, जावयाला मुलगी पसंत नाही. त्या महिनाभर वहिनींना हळूच विचारत होत्या, “बाई गं, बोलतात ना तुझ्याशी?” ओळखपत्राच्या फोटोसाठी तर दोघांनी याचं डोकं धरलं होतं. त्या फोटोत कानांवर दोन परके अंगठे आहेत.

आणि याच लग्नात त्याला साडू मिळाला. वहिनींच्या थोरल्या बहिणीचा नवरा. हे गृहस्थ विमा कंपनीत दावे तपासायचे. कुणी येऊन म्हणालं, माझं दुकान जळालं, की हे विचारणार, “कशावरून?” गाडी चोरीला गेली? कशावरून? हात मोडला? कशावरून? तीस वर्षं दिवसातून पन्नासदा हाच शब्द. संध्याकाळी घरी येताना तो शब्द कचेरीत ठेवून यावा, एवढी समज देवाने त्यांना दिली नव्हती.

सगळं कुटुंब मिळून सिनेमाला जायचं. पडद्यावर हिरो चौथ्या मजल्यावरून काच फोडून खाली यायचा. पाठमोऱ्या अंधारात कुजबुजायचा, “हा मी.”

साडू म्हणायचे, “कशावरून?”

“अहो, मान बघा ना.”

“मान सगळ्यांना असते.”

“या खांद्याला सतरा टाके पडलेत त्या काचेने!”

“ते आहेत. पण काच हीच कशावरून?”

मध्यंतरात वहिनींची बहीण नवऱ्याला कोपर मारायची, “अहो, पुरे की.” वहिनी घरी गेल्यावर भांडी जोरात आपटायच्या. पाठमोऱ्या मग दुसऱ्या दिवशी माझ्या खुर्चीत येऊन बसायचा आणि मान पुढे करून म्हणायचा, “दादा, एकदा. आयुष्यात एकदा माझं तोंड पडद्यावर दिसू दे. त्या माणसाला कशावरून म्हणताच येऊ नये, असं. मग मेलो तरी चालेल.”

“मरण्याची कामं तर तुला रोज मिळतात,” मी म्हणायचो.

हे खरंच होतं. पडण्याबिडण्याबरोबर त्याला बारीकसारीक कामंही मिळायची. गुंडांच्या टोळीतला तिसरा, हवालदाराच्या मागचा हवालदार. संधी मिळालीच नाही असं मी म्हणणार नाही. एकदा हॉटेलातला वेटर केला होता. ग्लास ठेवायचा आणि म्हणायचं, “साहेब, बाहेर कुणीतरी आलंय.” याने ते पडद्याला सांगितलं. पडदा काढला तर खिडकीला सांगितलं. शेवटी दिग्दर्शक वैतागून म्हणाला, बाहेर कुणी आलंच नाही असं समजू, आणि तो प्रसंगच कापला.

प्रेताचं काम तर कळसच. प्रेताला काय येतं? उताणं पडायचं. कॅमेरा वरून हळूहळू खाली आला आणि प्रेताने कूस बदलली.

“अरे, मेलायस तू!” दिग्दर्शक ओरडला.

“हो साहेब,” प्रेत म्हणालं, “पण कॅमेरा वर आहे.”

आम्ही हसून हसून गडाबडा लोळलो. तो हसला नाही. उठून मेकअपच्या खोलीत आला, आरशासमोर बसला आणि दोन्ही हातांनी स्वतःची हनुवटी धरून सरळ केली. पुन्हा पुन्हा. त्या दिवशी पहिल्यांदा मला वाटलं, आपण उगाच हसलो. मग सवयीने दुसऱ्या दिवशी परत हसलो, ती गोष्ट वेगळी.

दिवस असेच पडण्यात गेले. हिरोचं पोट वाढलं तशी याच्या पोटाला बांधायची उशी वाढली. मास्तर वारले. आणि एक दिवस हिरोने ठरवलं की आता आपण बापाच्या भूमिका करायच्या. झालं! बाप झालेला हिरो उड्या मारत नाही, आशीर्वाद देतो, आणि आशीर्वादाला बदली माणूस लागत नाही. त्यात पाठमोऱ्याचा उजवा गुडघा पायरी चढताना दरवाजासारखा करकरायला लागला. नव्या फाइट मास्तरने, कालच्या पोराने, त्याला गोड बोलून सांगितलं, “काका, तुम्ही आता आराम करा.” आराम करा म्हणजे उद्यापासून येऊ नका. त्रेपन्न वर्षांचा झाला होता. अंगात अकरा मोडलेली हाडं, आणि पडद्यावर दाखवायला एक मान, तीही दुसऱ्याची म्हणून.

याच वेळी मास्तरांचा मुलगा पहिला सिनेमा करायला उभा राहिला. लहानपणी हा मुलगा पाठमोऱ्याच्या खांद्यावर बसून सेटवर हिंडायचा. त्याने याला बोलावलं आणि म्हणाला, “काका, बाबांनी तुमचं तोंड घरी ठेवायला लावलं. मी ते परत मागायला आलोय.” असं लिहून आणल्यासारखं बोलणारी मुलं पुढे दिग्दर्शकच होतात, दुसरं काही होऊच शकत नाहीत.

काम होतं म्हाताऱ्या लिफ्टवाल्याचं. गोष्ट साधी. एका इमारतीतून एक तरुण मुलगा नाहीसा झालेला. वीस वर्षांनी त्याचा बाप लिफ्टवाल्याला विचारतो. लिफ्टवाल्याने त्या दिवशी सगळं बघितलेलं असतं, भीतीने कुणाला सांगितलेलं नसतं. तो आता कबूल करतो. चार मिनिटांचा प्रसंग, सगळा लिफ्टवाल्याच्या चेहऱ्यावर. शेवटचं वाक्य: “साहेब, मी तोंड फिरवलं.”

आणि बापाच्या कामाला कोण? आमचाच हिरो.

पाठमोऱ्या घरी गेला आणि त्याने घोषणा केली. साडूंनाही फोन केला. पलीकडून उत्तर आलं, “तोंड दिसणार? कशावरून?” याने फोन आदळला. असा फुटलेला घरातला तो तिसरा फोन होता.

वहिनींनी तालीम सुरू केली. कॅमेरा म्हणून त्यांनी चहाची गाळणी घेतली. ती हातभर अंतरावर त्याच्या तोंडासमोर धरायच्या आणि हा वाक्यं म्हणायचा. गाळणी समोर की तोंड भिंतीकडे. वहिनी गोल फिरून भिंतीकडे जायच्या, तर तोंड दाराकडे. मी एका सकाळी गेलो तेव्हा नवराबायको स्वयंपाकघरात एकमेकांभोवती गरगर फिरत होते.

“अहो, नुसती गाळणी आहे ही!” वहिनी रडकुंडीला आल्या होत्या.

“मला माहीत आहे!” हा ओरडला. “मला काय हौस आहे? मान माझं ऐकत नाही!”

शूटिंगचा पहिला दिवस. मी आयुष्यात प्रथमच त्याचा चेहरा रंगवला. नाकाजवळ एक जुनी खोक होती, भुवई मधून तुटलेली. इतक्या वर्षांत मी ती धड बघितलीच नव्हती. त्याने डोळे मिटले नाहीत. आरशात एकटक बघत होता.

लिफ्टचा सेट म्हणजे कपाटाएवढी खोली. वळायला जागाच नाही, म्हणून सगळे निश्चिंत होते. कॅमेरा सुरू झाला. पाठमोऱ्या बोलायला लागला. आवाज असा, की लाइटवालेही थांबून ऐकायला लागले. आणि शेवटी “साहेब, मी तोंड फिरवलं,” असं म्हणत त्याने खरोखरच तोंड फिरवलं, लिफ्टच्या बटणांकडे.

“काका,” दिग्दर्शक शांतपणे म्हणाला, “तेव्हा फिरवलं होतं. आता नाही फिरवायचं.”

दुसऱ्या वेळी बटणांकडे. तिसऱ्या वेळी छताकडे. बटणं झाकली, छताला दिवा लावला. मी त्याच्या कॉलरमध्ये पुठ्ठा घातला, मान वळू नये म्हणून. तो पुठ्ठ्यासकट कमरेतून वळला. चौदा वेळा झालं. हिरो घड्याळ बघत होता आणि विचारत होता, “माझा क्लोज-अप कधी?”

दुसऱ्या दिवशी कॅमेरा लपवला. पेटीत लपवला, फुलदाणीमागे लपवला. शोधलाच त्याने. शोधला म्हणजे त्याच्या मानेने शोधला. तो स्वतः बिचारा समोर बघायची पराकाष्ठा करत होता. कपाळावर घाम, आणि मान आपली निघाली दुसऱ्या गावाला. दुपारी निर्मात्याने दिग्दर्शकाला बाजूला घेतलं. उद्या दुपारपर्यंत हा प्रसंग झाला नाही तर दुसरा नट. दुसरा नट येऊनही बसला होता, माझ्याच खुर्चीत. पाठमोऱ्याने ते दारातून बघितलं, आणि तसाच निघून गेला.

तो गेला आणि अर्ध्या तासाने वहिनी आल्या. त्याला शोधत आल्या असतील म्हणून मी उठलो, तर त्यांनी दार लोटलं आणि पिशवीतून गाळणी काढली.

“भावजी, एक सांगू? हसणार नसाल तर.”

“वहिनी, माझी खात्री देता येत नाही. पण सांगा.”

“मी परवा दमून यांच्या मागे जाऊन उभी राहिले. गाळणी हातातच होती, यांच्या पाठीशी. आणि हे आपोआप सरळ समोर बघायला लागले. कॅमेऱ्याकडे पाठ करायची सवय आहे ना? मग कॅमेरा पाठीमागेच ठेवा की!”

मी हसलो नाही. मी धावत दिग्दर्शकाकडे गेलो.

योजना ठरली ती अशी. लिफ्टची मागची फळी काढून तिथे मोठा कॅमेरा ठेवायचा, लाल दिवा लावून, सगळ्या थाटामाटात, पण रिकामा. आणि खरा कॅमेरा समोर, हिरोच्या खांद्याशी, काळ्या पडद्याच्या भोकामागे. पाठमोऱ्याला मात्र सांगायचं की प्रसंग मागून घेतोय, म्हणजे त्याची मान दुसरा कॅमेरा शोधायला जाणारच नाही. हिरो आडवा आला. म्हणे, “म्हणजे खरा कॅमेरा माझ्याकडे पाठ करून असणार? बावीस वर्षांत असं झालेलं नाही.” मी त्याच्या कानाशी वाकलो आणि केसांबद्दल दोन शब्द बोललो. त्याचं कलेवरचं प्रेम एकदम उफाळून आलं आणि तो तयार झाला.

तिसऱ्या दिवशी सकाळी दिग्दर्शकाने पाठमोऱ्याला सांगितलं, “काका, चेहरा राहू द्या. आपण तुमच्या पाठीवरून घेऊ. समोर साहेबांचा चेहरा दिसेल.”

“बरं,” पाठमोऱ्या म्हणाला. नुसतं बरं.

माझ्या खुर्चीत येऊन बसला आणि सवयीने मान पुढे केली. चेहऱ्याला हात लावला असता तर त्याला संशय आला असता, म्हणून मी फक्त मान रंगवायला घेतली. तिळापाशी येऊन थांबलो.

“हा राहू देतो आज,” मी म्हटलं. “आज तू कुणाच्या बदली नाहीस.”

“काय फरक पडतो, दादा? पुन्हा त्याचं तोंड आणि माझी मान.” मग म्हणाला, “साडूला काय सांगू?”

माझ्या जिभेवर आलं होतं. आयुष्यात पहिल्यांदा मी तोंड बंद ठेवलं, आणि सांगतो, फार त्रास होतो त्याचा.

लिफ्टमध्ये तो उभा राहिला. मागे मोठा कॅमेरा, लाल दिवा. पाठीला जे कळायचं ते कळलं. मान जी सरळ झाली ती खांबासारखी. समोर हिरो. ज्याच्यासाठी तो बावीस वर्षं पडला, जळला, बुडाला, तो इस्त्रीच्या कपड्यांत उभा राहून विचारत होता, “माझा मुलगा कुठल्या मजल्यावर उतरला?”

“सहाव्या, साहेब.” पाठमोऱ्या त्याच्या डोळ्यांत बघत होता. “दोघे होते त्याला धरून. त्याने माझ्याकडे बघितलं. मला धोक्याचं एक बटण दाबायचं होतं, साहेब. एवढंच करायचं होतं मला. वीस वर्षं झाली. मी रोज त्या मजल्यावरून जातो. साहेब, मी तोंड फिरवलं.”

आणि नाही फिरवलं. तुटकी भुवई, नाकाजवळची खोक, घाम, सगळं घेऊन तो समोर बघत राहिला. चेहऱ्यावर असं काही होतं की हिरो पुढचं वाक्यच विसरला. तो विसरला हे आम्ही नंतर अभिनय म्हणून खपवलं. दिग्दर्शकाला थांबा म्हणायचं सुचेना. मी चाळीस वर्षं चेहरे रंगवले, पण माझं सर्वांत चांगलं काम म्हणजे त्या दिवशी न केलेलं काम.

मग काळा पडदा बाजूला झाला आणि सगळे टाळ्या वाजवायला लागले. पाठमोऱ्याने समोरचा कॅमेरा बघितला. लगेच तोंड फिरवलं, तर मागे दुसरा. मधल्या मध्ये तो उभा राहिला. मला वाटलं, आता रडेल आनंदाने. तो लिफ्टमधून बाहेर आला, सरळ माझ्यापर्यंत आला, आणि म्हणाला, “दादा, तुम्हीपण?”

“अरे, झालं ना तुझं काम! काय सुरेख केलंस!”

“मी केलं?” तो म्हणाला. “मी तिथे लिफ्टवाला नव्हतो. मी एवढाच विचार करत होतो की गेलं, हेही गेलं. मी काही केलंच नाही, दादा. तुम्ही माझ्याकडून काढून घेतलंत.”

“लोकांना काय कळणार आहे?”

“मला कळतं ना!”

तो माझ्याशी दोन महिने बोलला नाही. वहिनींशी किती दिवस बोलला नाही ते त्या सांगत नाहीत, पण गाळणी त्याने खिडकीतून फेकली आणि नवी आणू दिली नाही. त्या घरात कितीतरी दिवस चहापत्ती थुंकत थुंकत चहा चालला होता, हे मला शेजाऱ्यांकडून कळलं.

सिनेमा लागला. वहिनींनी सगळ्यांना नेलं, मलाही बोलावलं. रांगेत आधी वहिनींची बहीण, मग साडू, मग पाठमोऱ्या, मग वहिनी, मग मी. पाठमोऱ्या येतच नव्हता. वहिनी म्हणाल्या, “तुम्ही नाही आलात तर ते म्हणतील, सिनेमात हे आहेत कशावरून?” त्या शब्दावर उठला.

लिफ्टचा प्रसंग आला. भिंतीएवढा त्याचा चेहरा पडद्यावर आला आणि चार मिनिटं हलला नाही. थिएटरात कुणी खोकलं नाही. साडूंनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. पाठमोऱ्या पडद्याकडे बघतच नव्हता. तो साडूंकडे बघत होता.

बाहेर आल्यावर आम्ही पायऱ्यांवर उभे राहिलो. सगळे साडूंच्या तोंडाकडे बघतायत. शेवटी ते म्हणाले, “तुम्हीच होता.”

आणि पाठमोऱ्याच्या तोंडून निघून गेलं, “कशावरून?”

“अहो, कशावरून काय?” साडू चकितच झाले. “मी तुम्हाला कशावरून असं विचारलं ना, की दरवेळी तुमचं अगदी हेच तोंड होतं! वीस वर्षं बघतोय मी. लाखांत ओळखेन.” मग जरा मायेने म्हणाले, “पण अभिनय म्हणाल, तर तो मात्र मला कुठे दिसला नाही हं.”

वहिनींच्या बहिणीने कपाळावर हात मारला. वहिनींनी पर्स घट्ट धरली. मला वाटलं, आता ती साडूंच्या डोक्यात बसते. पाठमोऱ्या माझ्याकडे वळला. दोन महिन्यांत पहिल्यांदा बोलला. “ऐकलंत, दादा? तेवढ्या एका माणसाला कळलं.” आणि ते बोलताना पडद्यावरचं ते तोंड पुन्हा त्याच्या चेहऱ्यावर आलं. जसंच्या तसं.

साडूंना त्यातलं काही कळलं नाही. ते खुशीत होते. आपला साडू सिनेमात आहे हे त्यांच्या मते आज रीतसर सिद्ध झालं होतं. त्यांनी खिशातून फोन काढला, “चला चला, सगळे जवळ या. पुरावा असू दे. इकडे बघा!”

तो फोटो माझ्याकडे आहे. त्यात वहिनींची बहीण आहे, मी आहे, वहिनी आहेत, आणि वहिनींच्या शेजारी एक कान आहे. तीळ अगदी स्पष्ट आलाय.